नॅट किंग कोल : लोकप्रियता आणि सन्मान

(वार्षिक संमेलनात दिलेले व्याख्यान)



दरवर्षी आम्हाला या व्यासपीठावर बोलावले जाते, ते मधुमेह, रक्तदाब आणि हृदयविकार यांवर चार शब्द सांगण्यासाठी. आपण ते शांतपणे ऐकून घेता आणि नंतर भोजनाच्या रांगेत दोन गुलाबजाम जास्त घेता, हेही आम्ही दरवर्षी पाहतो. म्हणून यंदा आम्ही पदाधिकाऱ्यांची परवानगी घेऊन विषय बदलला आहे. आज आम्हाला एका गायकाविषयी बोलायचे आहे. त्याचे नाव नॅट किंग कोल.

हा विषय आम्हाला एका रुग्णाने दिला. काही वर्षांपूर्वी डिसेंबर महिन्यात एक वृद्ध कृष्णवर्णीय बाई आमच्या दवाखान्यात तपासणीसाठी आल्या होत्या. त्यांचे नाव-गाव सांगणे आमच्या व्यवसायाच्या नीतीस धरून होणार नाही. बाहेरच्या खोलीत नाताळची गाणी लागली होती. त्यांत नॅट किंग कोल यांचे ते प्रसिद्ध नाताळगीत सुरू झाले. बाई एकदम स्तब्ध झाल्या आणि म्हणाल्या, "डॉक्टर, हा माणूस आमच्या घरी दर सोमवारी यायचा." आम्हाला प्रथम अर्थच कळेना. मग त्यांनी उलगडून सांगितले. 1956 साली त्या शाळकरी मुलगी होत्या. सोमवारी संध्याकाळी साडेसातच्या आत वडील कामावरून घरी येत, शेजारची बिनटीव्हीची दोन कुटुंबे येऊन बसत, आणि पडद्यावर कोल दिसले की घरात कुणी बोलत नसे. शेवटी त्या म्हणाल्या, "वर्षभराने तो येईनासा झाला. वडिलांना विचारलं, तर म्हणाले, त्याच्या पाठीशी उभं राहायला कुणी मिळालं नाही."

हे वाक्य आमच्या मनातून गेले नाही. ज्याचा आवाज घराघरांत पोहोचला होता, त्याच्या पाठीशी कुणीच का उभे राहू नये? आम्ही या गायकाविषयी वाचू लागलो. जे हाती आले, ते आपल्यापुढे ठेवतो.

नॅट कोल यांचा जन्म 17 मार्च 1919 रोजी अलाबामा राज्यातील माँटगोमेरी येथे झाला. कुटुंबाचे मूळ आडनाव कोल्स. ते चार वर्षांचे असताना कुटुंब शिकागोस आले. वडील बॅप्टिस्ट धर्मोपदेशक होते. आई प्रार्थनामंदिरात ऑर्गन वाजवीत असे आणि तिनेच मुलाला पियानो शिकविला. 1937 साली त्यांनी लॉस एंजेलिसमध्ये पियानो, गिटार आणि बास अशा तीनच वाद्यांचा संच उभा केला. त्या काळी मोठमोठ्या वाद्यवृंदांचा बोलबाला होता. त्यात या तिघांचे हळुवार वादन लोकांना वेगळे वाटले. प्रारंभी कोल हे मुख्यतः पियानोवादक म्हणूनच ओळखले जात, गायन हे मागाहून आले. परंतु एकदा आल्यावर त्याने बाकी सारे झाकून टाकले. 1948 चे 'नेचर बॉय', 1950 चे 'मोना लिसा', 1951 चे 'टू यंग' या ध्वनिमुद्रिका देशभर गाजल्या. कॅपिटल या ध्वनिमुद्रण कंपनीची हॉलिवूडमधील गोल इमारत 1956 साली उभी राहिली, तेव्हा लोक तिला 'नॅटने बांधलेले घर' म्हणू लागले, इतकी त्यांच्या गाण्यांनी त्या कंपनीची भरभराट केली होती.

स्वतःचे राहते घर मात्र त्यांना इतक्या सहजतेने मिळाले नाही. 1948 साली त्यांनी लॉस एंजेलिसच्या हँकॉक पार्क या श्रीमंत वस्तीत घर घेतले. तेथील मालमत्तांच्या कागदपत्रांत, घर गोऱ्यांखेरीज कुणास विकू नये, अशी अट असे. त्याच वर्षी मे महिन्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने अशा अटींची न्यायालयांमार्फत अंमलबजावणी करता येणार नाही, असा निर्णय दिला होता. कायदा बदलला, तरी शेजारी बदलले नव्हते. वस्तीत नको असलेली माणसे येऊ नयेत, असे रहिवाशांच्या वतीने त्यांना सांगण्यात आले. त्यावर कोल यांनी दिलेले उत्तर प्रसिद्ध आहे. आपल्यालाही तशी माणसे नकोच आहेत आणि कुणी दिसल्यास आपणच पहिली तक्रार करू, असे ते म्हणाले. ते त्या घरात राहिले आणि तेथेच त्यांनी मुले वाढविली.

आता थोडे त्या काळच्या दूरचित्रवाणीविषयी सांगितले पाहिजे, कारण येथील तरुण मंडळींना ते ठाऊक नसेल. पन्नाशीच्या दशकात 'व्हरायटी शो' हा प्रकार सर्वाधिक लोकप्रिय होता. एक यजमान, त्याच्या मागे वाद्यवृंद, मग गाणे, विनोद, नृत्य आणि पाहुणे कलावंत. बहुतेक कार्यक्रम थेट प्रक्षेपित होत, चूक झाली तर ती लाखो घरांत दिसे. एड सलिव्हन यांचा असा कार्यक्रम 1948 साली सी.बी.एस.वर सुरू झाला आणि 1971 पर्यंत चालला. पेरी कोमो, डायना शोअर हे गायक स्वतःच्या कार्यक्रमांचे यजमान होते. या कार्यक्रमांचा खर्च प्रायोजक उचलीत आणि त्यामुळे कार्यक्रमावर हुकमत प्रायोजकाची आणि त्याच्या जाहिरात संस्थेची असे. कार्यक्रम आणि वस्तू यांची नावे जोडीने घेतली जात. म्हणजे यजमान कोण असावा, हा प्रश्न 'आमच्या मालाचा चेहरा कोण असावा' असा होऊन बसे.

येथे एक बारकावा आपण लक्षात घ्यावा. कृष्णवर्णीय कलावंत त्या पडद्यावर मुळीच दिसत नसत, असे नाही. सलिव्हन यांच्या कार्यक्रमात कोल यांच्यासह अनेक जण गाऊन गेले. पाहुणा म्हणून यावे, एक-दोन गाणी म्हणावीत, टाळ्या घ्याव्यात आणि जावे, यास फारशी हरकत नव्हती. यजमान होणे वेगळे. यजमान दर आठवड्याला घरात येतो. तो इतरांचे स्वागत करतो, इतरांना बसवतो, इतरांना निरोप देतो. पाहुणा आणि यजमान यांच्यातील हे अंतर आपल्याला समजावून सांगण्याची गरज नाही. लग्नाच्या मांडवात सनई-ताशा वाजवायला कोण चालते आणि पंगतीला कोण चालत नाही, हे आपल्या आजोबा-पणजोबांनी पुरेसे पाहिले आहे.

कोल यांच्या आधी हा प्रयत्न एका स्त्रीने केला होता. हेझल स्कॉट ही त्रिनिदादमध्ये जन्मलेली असामान्य पियानोवादक आणि गायिका. 1950 च्या उन्हाळ्यात ड्यूमाँट या दूरचित्रवाणी कंपनीवर तिचा पंधरा मिनिटांचा कार्यक्रम सुरू झाला. स्वतःचा राष्ट्रीय कार्यक्रम मिळालेल्या पहिल्या काही कृष्णवर्णीय कलावंतांपैकी ती एक. परंतु तो कम्युनिस्ट-शोधाचा काळ होता. एका संशयित-यादीत तिचे नाव छापले गेले. ती स्वतः होऊन सप्टेंबर 1950 मध्ये प्रतिनिधिगृहाच्या चौकशी समितीपुढे गेली आणि आरोप नाकारले. त्यानंतर आठवड्याभरात तिचा कार्यक्रम बंद झाला.

आता 1956 साल. हे साल उच्चारताच आपल्या मनात नागपूर उभे राहते. त्याच साली 10 एप्रिल रोजी अलाबामातील बर्मिंगहॅम शहरात केवळ गोऱ्या श्रोत्यांसाठी ठेवलेल्या कार्यक्रमात कोल गात असताना काही गोऱ्यांनी मंचावर चढून त्यांच्यावर हल्ला केला आणि त्यांना खाली पाडले. त्यांच्या पाठीला दुखापत झाली. मार मिळाला तो मिळाला, पण पुढे स्वकीयांचे बोलही ऐकावे लागले. ज्या सभागृहात आपल्या माणसांना आपल्याच शेजारी बसू देत नाहीत, तेथे गायला गेलातच कशाला, असे कृष्णवर्णीय वृत्तपत्रांनी विचारले. कोल यांची समजूत अशी होती, की उत्तम गावे, सभ्यपणे वागावे, म्हणजे द्वेष हळूहळू विरघळेल. त्या टीकेचा त्यांच्यावर परिणाम झाला. त्याच वर्षी ते कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी झगडणाऱ्या एन.ए.ए.सी.पी. या संस्थेचे आजीव सभासद झाले.

14 ऑक्टोबर 1956 रोजी बाबासाहेबांनी नागपूरला धम्मदीक्षा घेतली. त्यानंतर बरोबर बावीस दिवसांनी, 5 नोव्हेंबर रोजी, एन.बी.सी.वर 'द नॅट किंग कोल शो' सुरू झाला. कोल यांच्या जन्मगावी, माँटगोमेरीत, त्या वेळी बसगाड्यांवरील बहिष्काराचे अकरा महिने पूर्ण झाले होते. पुढच्याच आठवड्यात, 13 नोव्हेंबरला, सर्वोच्च न्यायालयाने तेथील बसमधील वर्णभेद घटनाबाह्य ठरविणारा निर्णय कायम केला. या घटनांचा परस्परांशी संबंध होता, असे आम्ही म्हणत नाही. परंतु दोन खंडांतली उपेक्षित माणसे एकाच हिवाळ्यात ताठ मानेने उभी राहत होती, एवढे तरी खरे.

कार्यक्रम प्रारंभी पंधरा मिनिटांचा होता. कोल येत, स्मित करीत, गात. नेल्सन रिडल यांच्यासारखा नामवंत संगीतसंयोजक वाद्यवृंद सांभाळी. अभिनिवेश नाही, भाषण नाही. एक सुसंस्कृत गृहस्थ सुंदर गातो आहे, एवढेच. जुलै 1957 पासून तो अर्ध्या तासाचा झाला. एला फिट्झजेराल्ड, हॅरी बेलाफाँटे, पेगी ली, मेल टॉर्मे, सॅमी डेव्हिस ज्युनियर असे मोठे कलावंत पाहुणे म्हणून आले आणि त्यांपैकी अनेकांनी आपले नेहमीचे मानधन सोडून संघटनेने ठरविलेल्या किमान मोबदल्यात काम केले. यांत गोरेही होते आणि कृष्णवर्णीयही. हे आवर्जून सांगितले पाहिजे.

परंतु राष्ट्रीय प्रायोजक मिळेना. न्यूयॉर्कमध्ये राइनगोल्ड बिअरसारखे काही प्रादेशिक जाहिरातदार पुढे आले. देशभरासाठी मात्र कुणीच आपले नाव द्यायला तयार होईना. दक्षिणेतील गोरे ग्राहक दुरावतील, ही भीती होती. दक्षिणेतील काही केंद्रांनी कार्यक्रम दाखविण्यासच नकार दिला. एका सौंदर्यप्रसाधनांच्या कंपनीकडून असे उत्तर आल्याचे सांगतात, की कृष्णवर्णीय माणसाला लिपस्टिक विकता येणार नाही. यातील विसंगती पाहा. 1946 साली याच कोल यांच्या त्रिकुटाचा रेडिओवर कार्यक्रम होता आणि त्याला केसांना लावायचे तेल बनविणारी कंपनी प्रायोजक म्हणून मिळाली होती. तोच माणूस, तोच आवाज. रेडिओवर चेहरा दिसत नव्हता, येथे दिसत होता.

एन.बी.सी.ने बराच काळ स्वतःच्या खर्चाने कार्यक्रम चालविला, हे कोल यांनीही कृतज्ञतेने मान्य केले. अखेर कंपनीने त्यांना कमी महत्त्वाची, स्वस्त वेळ देऊ केली. कोल यांनी ती नाकारली आणि कार्यक्रम थांबविला. शेवटचे प्रक्षेपण 17 डिसेंबर 1957 रोजी झाले. जाहिरात संस्थांची कचेरी-गल्ली म्हणजे न्यूयॉर्कचा मॅडिसन अव्हेन्यू. त्या रस्त्याला अंधाराची भीती वाटते, असे कोल म्हणाले. त्यांच्या तोंडी कडवट शब्द क्वचितच येत, म्हणून हा लोकांच्या लक्षात राहिला.

बंधुभगिनींनो, या प्रकरणात आम्हाला सर्वांत जास्त काय खुपते, ते सांगतो. बर्मिंगहॅमचे हल्लेखोर दिसले, पकडले गेले, त्यांना शिक्षा झाली. प्रायोजकांना कोण पकडणार? त्यांनी काहीच केले नाही. बहुतेकांनी 'नाही' देखील म्हटले नाही. त्यांनी फक्त आपले नाव दिले नाही. वैद्यकात काही रोग असे असतात, की वेदना नसते, सूज नसते, ताप नसतो. रोगी म्हणतो, मला काही झालेले नाही. आतून मात्र अवयव निकामी होत असतो.

वैद्यकाचा विषय निघालाच आहे, तर एक गोष्ट सांगून टाकतो. कोल अतिशय धूम्रपान करीत. सिगारेटमुळे आपल्या आवाजाला गहिरेपणा येतो, असे त्यांना वाटे. जानेवारी 1964 मध्ये अमेरिकेच्या सर्जन जनरलनी धूम्रपान आणि फुप्फुसाचा कर्करोग यांचा संबंध जाहीर केला. त्याच वर्षाअखेरीस कोल यांना तोच रोग असल्याचे निदान झाले. एक फुप्फुस काढावे लागले. 15 फेब्रुवारी 1965 रोजी ते गेले, तेव्हा वय अवघे 45 होते. ज्या पडद्याला त्यांच्या चेहऱ्याची भीती वाटली, त्याच पडद्यावर सिगारेटच्या जाहिराती मात्र 1971 च्या आरंभापर्यंत निर्धास्तपणे चालू होत्या. येथील ज्या तरुणांच्या खिशात आता पाकीट असेल, त्यांनी यातून घ्यायचा तो बोध घ्यावा.

त्यांच्यामागून दार थोडे थोडे उघडत गेले. 1959 साली हॅरी बेलाफाँटे यांचा एक विशेष कार्यक्रम झाला आणि त्यासाठी त्यांना एमी पुरस्कार मिळाला. 1968 साली ब्रिटिश गायिका पेटुला क्लार्क हिने आपल्या कार्यक्रमात गाता गाता बेलाफाँटे यांच्या दंडाला हात लावला, तेव्हा प्रायोजकाच्या प्रतिनिधीने ते दृश्य काढण्याची मागणी केली. तिने आणि तिच्या पतीने ती साफ फेटाळली. डॉ. मार्टिन ल्यूथर किंग यांच्या हत्येनंतर चारच दिवसांनी, 8 एप्रिलला, ते दृश्य जसेच्या तसे दाखविले गेले. 1970 साली फ्लिप विल्सन यांचा व्हरायटी शो सुरू झाला आणि तो चार वर्षे उत्तम चालला. मधल्या काळात रस्त्यांवर चळवळ झाली होती, 1964 चा नागरी हक्कांचा कायदा झाला होता. केवळ गोड गाण्याने ते घडले नसते.

आता आमची स्वतःची गोष्ट. ती सांगावी की नाही, याचा आम्ही बराच विचार केला.

आमची कन्या लहानपणापासून गाते. ती दहा वर्षांची असताना आपल्या भाषेच्या एका मेळाव्यात तिने दोन गाणी म्हटली. फार कौतुक झाले. त्या कौतुकातच एका गृहस्थांनी आपुलकीने आमचे आडनाव विचारले, मग गाव विचारले, मग गावात घर कोणत्या बाजूला, तेही विचारले. आम्ही खरे ते सांगितले. पुढच्या वर्षी कार्यक्रम ठरविणाऱ्यांकडून तिला बोलावणे आले नाही. कुणी नकार दिला नाही, अपमान केला नाही. यादीत नाव नव्हते, इतकेच. कारण काय, हे आम्ही पुराव्याने सिद्ध करू शकत नाही आणि म्हणूनच आम्ही कुणावर आरोप करीत नाही. आम्हाला आमच्याच वागण्याविषयी बोलायचे आहे. मुलीने विचारले, "बाबा, मी कमी पडले का?" आम्ही म्हणालो, "रियाज वाढव, म्हणजे पुढच्या वर्षी बोलावतील."

पंचवीस वर्षे निदान करण्यात घालविलेल्या माणसाने हे निदान केले! रोग दुसऱ्यांना होता आणि औषध आम्ही आमच्या निरोगी लेकीला पाजले. नॅट कोल यांचा रियाज कमी नव्हता. गुणवत्ता अवश्य हवी. ती आपल्या बाबासाहेबांइतकी कुणात होती? पण गुणवत्तेपुढे जात आपोआप गळून पडते, असे जर आपण मुलांना शिकवले, तर नाकारले जाण्याचा प्रत्येक प्रसंग त्यांना स्वतःचाच दोष वाटू लागेल.

दुसरी गोष्ट याहून अवघड आहे. आपल्या या स्मरणिकेत शेवटी जाहिराती आणि शुभेच्छांची पाने असतात. त्यांत 'एक हितचिंतक' असे लिहिलेली पाने आपण पाहिली असतील. त्यांतले एक पान सलग आठ वर्षे आमचे होते. पैसे पूर्ण दिले, नाव छापू दिले नाही. दवाखान्यात आपल्या देशाचे अनेक रुग्ण येतात, स्मरणिका कुणाच्या हाती पडेल, उगाच चर्चा नको, असा आमचा विचार होता. मागील वर्षी कन्येने, जी आता महाविद्यालयात आहे, कपाटातल्या जुन्या स्मरणिका चाळल्या आणि विचारले, "बाबा, दरवर्षी पैसे देता, मग यात आपलं नाव का नाही?"

त्या क्षणी आम्हाला मॅडिसन अव्हेन्यू आठवला. ज्यांनी कोल यांच्या नावाशेजारी आपले नाव लावण्याचे टाळले, त्यांना आम्ही मनातल्या मनात किती दूषणे दिली होती! आणि आम्ही आमच्याच माणसांच्या नावाशेजारी आमचे नाव लावण्याचे टाळत होतो. त्यांना ग्राहक जाण्याचे भय होते, आम्हाला रुग्ण जाण्याचे. फरक काय राहिला?

आमच्या आधीच्या पिढीकडे यातले काहीच नव्हते. वामनदादा कर्डकांसारखे शाहीर गावोगाव गेले, ते कुण्या कंपनीच्या जोरावर नव्हे. वस्तीने वर्गणी काढली, भाकरी बांधून दिली, कंदील धरला आणि सारी वस्ती उघडपणे समोर येऊन बसली. त्यांना गमावण्यासारखे आमच्यापेक्षा कितीतरी कमी होते, असे कुणी म्हणेल. आम्हाला तसे वाटत नाही. दुसऱ्या दिवशी त्याच गावात मजुरी मागायला जायचे होते.

आज संध्याकाळी आपली मुले याच मंचावर गाणार आहेत. कुणी सुरात गाईल, कुणी नाही गाणार. आपण पुढच्या रांगांत बसावे, मुलांची नावे पूर्ण आणि मोठ्याने पुकारावीत, आणि ज्यांना शक्य असेल त्यांनी पुढील वर्षीच्या पानावर आपले नाव छापू द्यावे. ज्यांची नोकरी किंवा प्रसंग खरोखरच अडचणीचा आहे, त्यांना आम्ही दोष देणार नाही. आठ वर्षे आम्हीही तेच केले आहे.

या वर्षीच्या स्मरणिकेत आमच्या दवाखान्याचे पान आहे. त्यावर आमचे नाव आहे, आडनाव आहे आणि खाली 'जयभीम' असे छापले आहे. मजकूर कन्येने लिहिला. मुद्रिते तपासताना आमचा हात थोडा थरथरला, हे कबूल करतो. पण पान गेले.

 गुलाबजाम मात्र एकच घ्यावा.

जयभीम! नमो बुद्धाय!